तालमीविना मुहूर्त

बनारसमध्ये मुहूर्ताला तोटा नाही. कंपनीचा सर्व्हर हलवायचाही मुहूर्त निघतो. शनिवारची रात्र, महिनाअखेर टाळून, जीएसटीचं विवरण भरून झाल्यावर. व्हेंडरची माणसं येतात, लॅपटॉप उघडतात, चहा मागवतात.

कार्यपद्धतीचा कागद कोणीच मागवत नाही.

कंपनीची यंत्रणा क्लाउडवर न्यायची, तर आधी काय, मग काय, कोणी करायचं, झालं हे कशावरून ओळखायचं आणि फसलं तर परत कसं यायचं, हे पायरीपायरीने लिहून काढावं लागतं. आयटीवाले त्याला रनबुक म्हणतात, कचेरीतले एसओपी. प्रकल्पाच्या अंदाजपत्रकात परवान्यांना पैसे असतात, सल्लागाराला असतात, उद्घाटनाच्या हारतुऱ्यांनाही असतात. हा कागद लिहिणाऱ्याच्या वेळेला किती असतात?

बहुतेक ठिकाणी शून्य.

मग कागद येतो कुठून? मागच्या गिऱ्हाइकाच्या फाइलमधून. लोगो बदलला, तारीख बदलली, झालं. आत सतराव्या पानावर जुन्या गिऱ्हाइकाचं नाव तसंच राहिलेलं असतं आणि साहेबांची सही पहिल्या पानावर झालेली असते.

हल्ली त्याहून जवळची वाट निघाली आहे. चॅटबॉटला सांगायचं, चाळीस पानं दे. पानं झोकात येतात. त्यात लिहिलेलं एखादं बटण त्या क्लाउडवर अस्तित्वातच नसतं. ते रात्री दोन वाजता शोधत बसणारा मुलगा मात्र खराखुरा असतो.

हे बनारसच्या निमित्ताने का सांगायचं? कारण काम पायरीपायरीने लिहून ठेवण्याची विद्या याच गावात मराठी माणसांनी पिढ्यान् पिढ्या जोपासली आहे.

भट्ट घराणं मूळचं पैठणचं. रामेश्वरभट्ट सोळाव्या शतकात काशीला येऊन राहिले. त्यांचे चिरंजीव नारायणभट्ट यांनी संस्कारांच्या विधींवर ‘प्रयोगरत्न’ लिहिलं, काशी-प्रयाग-गयेच्या यात्राविधींसाठी ‘त्रिस्थलीसेतु’ लिहिला. नारायणभट्टांचे नातू कमलाकरभट्ट यांनी १६१२ मध्ये ‘निर्णयसिंधु’ पुरा केला. या घराचा पिढीजात उद्योग एकच. काय, केव्हा, कोणी आणि कोणत्या क्रमाने करायचं, ते दुसऱ्याला करता येईल असं लिहून ठेवणं.

‘निर्णयसिंधु’कडे आयटीवाल्यांनी एकदा तरी बघावं. तिथी दोन दिवसांत विभागून आली तर? अधिक महिना आला तर? मध्येच सुतक आलं तर? पानंच्या पानं या ‘तर’वर खर्ची पडली आहेत. सगळं सुरळीत असताना काय करायचं ते कोणालाही सुचतं.

आमच्या चाळीस पानी कागदात ‘तर’ किती वेळा येतो, मोजून बघा.

याच घरातले गागाभट्ट, नारायणभट्टांचे पणतू. शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकासाठी ते काशीहून आले, हे शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे. त्यांनी त्या सोहळ्याची लेखी कार्यपद्धती तयार केली, हे मोठ्यांनाही ठाऊक नसतं. ‘श्रीशिवराजाभिषेकप्रयोग’ हे तिचं नाव. वा. सी. बेंद्रे यांनी १९६० मध्ये ती छापून प्रसिद्ध केली, म्हणून आज आपण ती वाचू शकतो.

ती लिहायची गरज काय पडली? कारण असा राज्याभिषेक त्या पिढीने पाहिलाच नव्हता. ‘मागच्या वेळी केलं तसं करू’ म्हणायला मागची वेळच नव्हती. जुने ग्रंथ धुंडाळून, क्रम लावून, सगळं नव्याने बांधावं लागलं. मे महिन्याच्या अखेरीस मुंज, मग समंत्रक विवाह, मग विनायकशांती, ग्रहयज्ञ, ऐंद्री शांती. आणि हे सगळं पार पडल्यावर ६ जून १६७४ ला अभिषेक. मुख्य काम एका दिवसाचं, तयारी किती तरी दिवसांची.

आपल्याकडे तयारी एका तासाची असते आणि निस्तरणं महिनाभर चालतं.

गोष्ट इथे संपत नाही. राज्याभिषेकानंतर अकराव्या दिवशी, १७ जून १६७४ ला, जिजाऊ गेल्या. निश्चलपुरी गोसावी यांनी पहिल्या विधीत काय काय राहून गेलं, ते बोलून दाखवलं. ते आक्षेप ‘शिवराज्याभिषेककल्पतरु’ या ग्रंथात लिहून ठेवलेले आहेत. महाराजांनी ते ऐकून घेतले आणि २४ सप्टेंबर १६७४ ला दुसरा, तांत्रिक पद्धतीचा अभिषेक करवून घेतला. धर्मशास्त्रातला वाद विद्वानांनी घालावा. मला एवढंच दिसतं की टीका दडपली गेली नाही. ती लिहिली गेली आणि तिच्यावर कृती झाली.

तुमच्या कंपनीत फसलेल्या मायग्रेशनचा, म्हणजे यंत्रणा हलवण्याच्या कामाचा, अहवाल कोणाच्या ड्रॉवरमध्ये आहे?

‘आपल्याकडे सगळं आधीच होतं’ ही आरोळी मला ठोकायची नाही. गागाभट्टांना सर्व्हर माहीत नव्हता आणि त्याची गरजही नव्हती. पण न पाहिलेलं, परत परत करता न येणारं, चुकलं तर चारचौघांत चुकणारं काम कागदावर कसं आणायचं, हे त्यांना माहीत होतं. क्लाउडवर जाणं हे नेमकं त्याच जातीचं काम आहे.

एक फरक मात्र आहे. गागाभट्टांनी संस्कृतात लिहिलं, कारण समोर बसून मंत्र म्हणणाऱ्या प्रत्येकाची ती कामाची भाषा होती. आजचा कागद इंग्रजीत असतो. तो वाचून काम करणारा मुलगा घरी भोजपुरी बोलतो, ऑफिसात हिंदी. इचलकरंजीत तोच मुलगा मराठी बोलतो. कागद ऑडिटरला कळला, मालकाला कळल्यासारखा वाटला.

ज्याच्या हातात कीबोर्ड आहे, त्याला विचारलं का?

बनारसची पेढी क्लाउडवर जाते तेव्हा तिचा हिशेब राहायला जातो कुठे? पुष्कळदा आपल्याच महाराष्ट्रात. मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये पुण्याला आपलं केंद्र उघडलं, ॲमेझॉनने २०१६ मध्ये मुंबईला, गूगलने २०१७ मध्ये मुंबईलाच. कुंज गलीतल्या साडीच्या व्यापाऱ्याचा स्टॉक, लंका मोहल्ल्यातल्या दवाखान्यातली रुग्णांची नोंद, सिगऱ्याच्या हॉटेलाचं बुकिंग, सगळं तिकडे. मधल्या वाटेवर केबल आहे आणि गल्ली खोदली की ती तुटते.

इंटरनेट गेलं तर बिल कसं फाडायचं, ही पायरी कागदात असते का? पेढीत पावती पुस्तक तरी असतं का?

आता जरा लांब जाऊ. ब्रिटनमधली टीएसबी बँक. २०१८ च्या एप्रिलमध्ये एका शनिवार-रविवारी तिने पन्नास लाखांवर ग्राहकांची खाती जुन्या यंत्रणेवरून नव्या यंत्रणेवर हलवली. सुमारे १९ लाख ग्राहक खात्याबाहेर अडकले. काहींना दुसऱ्याचं खातं दिसलं. पुढे चौकशीत काय निघालं? नवी यंत्रणा दोन डेटा सेंटरवर चालणार होती आणि भार सोसण्याची चाचणी त्यातल्या एकाच सेंटरवर झाली होती.

दोन पायांवर चालायचं होतं, तपासला एकच.

डिसेंबर २०२२ मध्ये बँकेला ४.८६५ कोटी पौंडांचा दंड झाला. एप्रिल २०२३ मध्ये तिच्या तेव्हाच्या आयटी प्रमुखाला वैयक्तिक दंड झाला, ८१,६२० पौंड. पुरवठादार खरोखर तयार आहे की नाही, याची पुरेशी खातरजमा त्याने केली नाही, हा ठपका. ‘आम्ही तयार होऊ’ आणि ‘आम्ही तयार आहोत’ यांत किती अंतर असतं, ते तिथल्या नियामकाने पौंडांत मोजून दाखवलं.

आपल्याकडे असा दंड कोणा अधिकाऱ्याच्या खिशातून गेल्याचं ऐकलं आहे का?

दुसरं उदाहरण माझ्या विशेष आवडीचं, कारण त्यात चुकणारा शहाणा झाला. गिटलॅब ही प्रोग्रामरांची कामं सांभाळणारी कंपनी. ३१ जानेवारी २०१७ च्या रात्री एका अभियंत्याने दुय्यम डेटाबेस समजून मुख्य डेटाबेस पुसायला घेतला. चूक लक्षात येऊन हात थांबला तोवर सुमारे ३०० जीबीतले साडेचार जीबी उरले होते. घाबरायचं कारण नव्हतं. बॅकअपचे पाच प्रकार होते.

पाचांपैकी एकही भरवशाचा निघाला नाही.

रोजचा बॅकअप घेणाऱ्या प्रोग्रामची आवृत्ती डेटाबेसच्या आवृत्तीशी जुळत नव्हती, म्हणून तो रोज फसत होता. फसल्याची सूचना ईमेलने जायची आणि ते ईमेल वाटेतच नाकारले जात होते. शेवटी सहा तास आधी, वेगळ्याच कारणासाठी घेतलेली एक प्रत हाताशी होती, म्हणून कंपनी वाचली. मधल्या सहा तासांचा डेटा गेला तो गेला.

पुढचं महत्त्वाचं. कंपनीने दुरुस्ती यूट्यूबवर थेट दाखवली, चुकांची कुंडली स्वतः छापली, अभियंत्याला बळीचा बकरा केलं नाही. दीड वर्षाने, ऑगस्ट २०१८ मध्ये, तिने सगळा कारभार मायक्रोसॉफ्टच्या क्लाउडवरून गूगलच्या क्लाउडवर हलवला. पायऱ्यांची यादी लिहिली, तिच्यावर पुन्हा पुन्हा तालमी केल्या, प्रत्येक तालमीत सापडलेली चूक यादीत घातली, मग खरा दिवस ठरवला. आधी तालीम, मग मुहूर्त.

बनारसमध्ये क्रम उलटा आहे. मुंबई-पुण्यातही काही निराळा नाही.

‘पण क्लाउडवर गेलं की बॅकअपची काळजी त्यांची ना?’ हा प्रश्न मला दर थोड्या दिवसांनी कोणी तरी विचारतं. नाही. ऑस्ट्रेलियातला युनिसुपर हा निवृत्तीवेतनाचा फंड, सहा लाखांवर सभासद. मे २०२४ मध्ये गूगलच्या क्लाउडवरची त्याची एक खासगी व्यवस्था अख्खी पुसली गेली. कारण? ती उभारताना गूगलच्या बाजूने एक रकाना रिकामा राहिला होता. रिकाम्या रकान्याचा अर्थ यंत्राने ‘एक वर्षाची मुदत’ असा लावला. वर्ष संपलं, यंत्राने पुसून टाकलं.

युनिसुपरने आणखी एका कंपनीकडे प्रती ठेवल्या होत्या. ते कलम कोणा चिकट माणसाने कागदात घातलं असणार आणि बैठकीत कोणी तरी त्याला ‘खर्च वाढतो’ असं ऐकवलं असणार. सभासदांना आठवडाभर खातं दिसलं नाही, पण पैसा बुडाला नाही.

दक्षिण कोरियाला तेही जमलं नाही. २६ सप्टेंबर २०२५ ला तेजोन शहरातल्या सरकारी डेटा सेंटरला आग लागली. लिथियम बॅटऱ्या हलवण्याचं काम चालू होतं. सहाशेहून अधिक सरकारी सेवा बंद पडल्या. सरकारी कर्मचाऱ्यांच्या फाइलींचं ८५८ टेराबाइटचं कोठार जळून गेलं. त्याची दुसरी प्रत नव्हती. का नव्हती?

‘फार मोठं आहे’ म्हणून.

आता घरी परत येऊ. काशी गोमती संयुत ग्रामीण बँकेचं मुख्यालय वाराणसीला होतं. १ एप्रिल २०२० ला, टाळेबंदी चालू असतानाच, ती इतर दोन ग्रामीण बँकांबरोबर बडोदा यूपी बँकेत विलीन झाली. प्रायोजक बँक बदलली. युनियन बँक गेली, बँक ऑफ बडोदा आली. १ मे २०२५ ला पुन्हा विलीनीकरण झालं आणि उत्तर प्रदेश ग्रामीण बँक झाली. चंदौलीच्या शेतकऱ्याने एकाच खात्यावर पाच वर्षांत तीन नावं पाहिली. त्याच १ मे रोजी आपल्याकडे विदर्भ कोकण ग्रामीण बँक आणि महाराष्ट्र ग्रामीण बँक एकत्र आल्या.

फलक एका रात्रीत बदलतो. खाती कशी हलवायची, व्याजाचा दर, तारण, जुना नामनिर्देश, अनुदानाची जोडणी नव्या घरात कशी बसवायची, याला लिहिलेली पद्धत लागते. तो कागद खातेदार कधी बघत नाही. त्यातली चूक मात्र त्यालाच आधी दिसते, पेरणीच्या आठवड्यात, काउंटरच्या अलीकडे उभं राहून.

‘सर्व्हर डाऊन आहे’ हे वाक्य या देशात उत्तर म्हणून चालतं. कधीपर्यंत चालू द्यायचं?

वाराणसीच्या बाबतपूर विमानतळाचं बघा. चेहरा दाखवून आत सोडणारी डिजियात्रा १ डिसेंबर २०२२ ला देशात तीनच विमानतळांवर सुरू झाली: दिल्ली, बंगळुरू आणि वाराणसी. मान मोठा होता. २०२४ मध्ये प्रवाशांना सांगण्यात आलं, जुनं ॲप काढून टाका, नवं घ्या. आतली रचना बदलली होती. चेहऱ्याची माहिती प्रवाशाच्या फोनमध्येच राहते आणि विमानतळावरची प्रत चोवीस तासांत पुसली जाते, असं चालवणारे सांगतात. चांगली गोष्ट आहे. मग जुनी यंत्रणा बंद करताना तिच्यातलं काय, कोणी, कोणासमोर पुसलं, ती पायरीही लोकांसमोर ठेवा.

मायग्रेशनची शेवटची पायरी जुन्याचा हिशेब देण्याची असते. तीच सगळ्यात आधी विसरली जाते.

आयकराचं नवं पोर्टल ७ जून २०२१ ला आलं, तेव्हा देशभरातल्या सीएंनी काय भोगलं, ते विचारूच नका. अर्थमंत्र्यांनी २३ ऑगस्टला, पोर्टल बांधणाऱ्या इन्फोसिसच्या प्रमुखांना बोलावून घेतलं. आधीच्या दोन दिवसांत तर पोर्टल उघडतच नव्हतं. तालीम झाली असती तर बोलावणं पाठवावं लागलं असतं का?

धडा घेतल्याचं उदाहरणही आहे. एचडीएफसी बँकेची डिजिटल सेवा वारंवार बंद पडली आणि डिसेंबर २०२० मध्ये रिझर्व्ह बँकेने तिचे नवे डिजिटल उपक्रम रोखले. याच बँकेने १३ जुलै २०२४ ला आपली मुख्य यंत्रणा नव्या व्यवस्थेवर हलवली. दिवस दुसरा शनिवार, शाखा बंद. पहाटे तीन ते दुपारी साडेचार, साडेतेरा तास. त्यात यूपीआय नेमकं कधी बंद राहील, तेही ग्राहकांना आधी कळवलं होतं. बोटं मोडणाऱ्यांनी मोडली. पण वेळ लिहून सांगायची, तर ती आधी मोजावी लागते आणि मोजायची, तर आधी करून बघावं लागतं.

म्हणून व्हेंडरला एकच प्रश्न विचारा. प्रत्येक पायरीला किती मिनिटं लागली? ‘लागतील’ असं उत्तर आलं, तर तालीम झालेली नाही.

कागदात काय असावं, यावर ग्रंथ आहेत. मला खुपतात त्या चार-दोन गोष्टी सांगतो.

पत्ता. वेबसाइटचं नाव जुन्या सर्व्हरकडे न जाता नव्याकडे जावं, यासाठी डीएनएसमधली नोंद बदलतात. ती नोंद जगभरातली यंत्रं काही काळ लक्षात ठेवतात. तो काळ चोवीस तासांचा असेल, तर तो दोन दिवस आधी पाच मिनिटांवर आणावा लागतो. विसरलात तर अर्धी गिऱ्हाइकं जुन्या दुकानात पैसे भरत बसतात आणि अर्धी नव्या. दोन्ही वह्या खऱ्या, दोन्ही अपुऱ्या.

रात्रीची कामं. जुन्या सर्व्हरवर कोणी तरी सात वर्षांपूर्वी लावून ठेवलेला छोटा प्रोग्राम रोज रात्री एक वाजता बँकेला फाइल पाठवत असतो. तो कोणाच्याच यादीत नसतो. लावणारा नोकरी सोडून गेलेला असतो. मशीन बंद केल्यावर तिसऱ्या दिवशी पगार होत नाहीत, तेव्हा कळतं. म्हणून यादी आठवणीतून करायची नसते, मशीनला विचारून करायची असते. जुनं मशीन महिनाभर कोणाकोणाशी बोलतं, ते नोंदवा.

जुळणी. ‘डेटा आला’ म्हणजे काय? किती ओळी निघाल्या, किती पोचल्या? थकबाकीची बेरीज दोन्हीकडे पैशापर्यंत एक आहे का? देवनागरीत लिहिलेली नावं तिकडे प्रश्नचिन्हं होऊन बसली नाहीत ना? साडीच्या पेढीवरच्या म्हाताऱ्या मुनीमजींना तपासायला बसवा. ताळा जुळेपर्यंत तो माणूस उठणार नाही. सल्लागार उठून जातो.

परतीची वाट. पहाटे चार वाजेपर्यंत अमुक पायरी झाली नाही, तर मागे फिरायचं, हे आधी लिहून ठेवावं लागतं. त्या वेळी ठरवायचं म्हटलं, की ‘अजून पंधरा मिनिटं’ सुरू होतं. दमलेली माणसं, जागरण, साहेबांचा फोन. पंधरा मिनिटांचे तीन तास होतात. सकाळी दुकान उघडतं तेव्हा जुनं चालू नसतं आणि नवंही नसतं.

‘मागे फिरा’ म्हणण्याचा अधिकार कोणाचा, त्याचं नाव लिहा. हुद्दा नको, नाव. आणि ते नाव त्या रात्री जागं असलं पाहिजे.

चित्रं. कागदभर स्क्रीनशॉट चिकटवण्याची आपल्याला भारी हौस. क्लाउडवाले पडद्याची मांडणी दर थोड्या महिन्यांनी बदलतात. चित्रातलं निळं बटण उद्या तिथे नसतं. जी आज्ञा द्यायची ती अक्षरशः लिहा, तिचं अपेक्षित उत्तर खाली लिहा. उत्तर वेगळं आलं तर थांबा, हेही लिहा.

कायद्याचीही एक पायरी असते. सर्ट-इन या सायबर सुरक्षेच्या सरकारी संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार यंत्रणांच्या नोंदी १८० दिवस सांभाळायच्या असतात आणि सायबर हल्ल्यासारखा प्रकार सहा तासांत कळवायचा असतो. जुन्या जागी नोंदी होत होत्या. नव्या जागी ती कळ चालू केली का? बँकांना रिझर्व्ह बँकेने १० एप्रिल २०२३ च्या निर्देशांत पुरवठादार सोडून बाहेर पडण्याची योजनाही तयार ठेवायला सांगितली आहे. छोट्या पेढीला असं सांगणारा कोणी नाही. म्हणून ती पुरवठादाराच्या घरात शिरते आणि दाराची कडी कोणाच्या हातात आहे, ते बघत नाही.

मुख्य पासवर्ड कोणाकडे आहे? मालकाकडे, की मालकाच्या मेहुण्याच्या मित्राकडे?

महाराष्ट्राने जानेवारी २०१८ मध्ये सार्वजनिक क्लाउडचं धोरण जाहीर केलं, देशात सगळ्यांच्या आधी. धोरण पहिलं आलं याचा आनंदच आहे. तालुक्याच्या कचेरीत, जिथे यंत्रणा हलते तिथे, मराठीत लिहिलेली आणि तिथल्याच कर्मचाऱ्याने करून बघितलेली कार्यपद्धती आली का? धोरण मंत्रालयात लिहिता येतं. पायऱ्या लिहायला सर्व्हरच्या खोलीत बसावं लागतं.

आणि पायऱ्या लिहिणाऱ्याला आपण कारकून समजतो. ही सगळ्यात मोठी चूक आहे. जो लिहितो तोच विचारतो, ‘हे आधी की ते आधी?’ सगळ्या खोलीत हा प्रश्न पडलेला तो एकटाच असतो. कोड लिहिणाऱ्याला त्याच्या तिप्पट पगार, सादरीकरण करणाऱ्याला टाळ्या आणि याला ‘जरा डॉक्युमेंट करून टाक’. तोही मग टाकूनच देतो.

त्याला वेळ द्या. त्याचं नाव कागदावर छापा. आणि त्याचा कागद तिसऱ्याच माणसाच्या हातात देऊन, लिहिणाऱ्याला खोलीबाहेर बसवून, अख्खी तालीम करून घ्या. जिथे तिसरा अडेल, तिथे कागद अपुरा आहे.

वाचकहो, तुम्ही मालक असा, मॅनेजर असा, नाही तर सर्व्हरच्या खोलीत जागणारे असा. तुमची यंत्रणा पुढच्या महिन्यात क्लाउडवर जाणार असेल, तर उद्या ऑफिसात गेल्यावर दोन तारखा मागा. बॅकअपमधून सगळं उभं करून शेवटचं कधी पाहिलं, ती एक. या कार्यपद्धतीची पहिली पूर्ण तालीम कधी झाली, ती दुसरी. दोन्हींपुढे माणसाचं नाव हवं. यातली एक जरी मिळाली नाही, तरी शनिवारचा मुहूर्त रद्द करा आणि व्हेंडरला तसं लेखी कळवा.